नोंदीबाहेरचे विष

रायपूरच्या कोणत्याही औषध दुकानात ‘गैस की गोली’ मागून पाहा. कुणी लिहून दिली, कधीपासून घेता, सोबत आणखी काय सुरू आहे, यातले काही न विचारता दुकानदार पट्टी पुढे करतो. फार तर पूर्ण देऊ की चार कापून, एवढे विचारतो. त्या पट्टीवर बहुधा दोन औषधांची नावे असतात. पहिले पँटोप्राझोल किंवा राबेप्राझोल, म्हणजे जठरातले आम्ल कमी करणारे. दुसरे डोमपेरिडोन किंवा लिव्होसल्पिराइड. पहिल्या नावाची लोकांना थोडीफार ओळख झाली आहे. दुसरे नाव कुणी वाचत नाही. धोका त्या दुसऱ्या नावात आहेच. पण त्या नावामुळे एखाद्याचे कायमचे नुकसान झाले, तर ते कोणत्याही दप्तरात क्वचितच उमटते, हा त्याहून मोठा धोका आहे आणि आजचा हा अग्रलेख त्यासाठी आहे.

लिव्होसल्पिराइड मूळचे मनोविकारांवरील औषधांच्या कुळातले. डोपामिन या रसायनाचे काम ते अडवते. पोटात हे काम अडले की जठर लवकर रिकामे होते, जेवणानंतरची तडस उतरते, ढेकरा थांबतात आणि रुग्ण खूश होतो. पण डोपामिन मेंदूतही असते, आणि तिथे ते हालचालींचा ताल सांभाळते. महिनोन्‌महिने ही गोळी घेणाऱ्यांपैकी काहींचे, विशेषतः साठी ओलांडलेल्यांचे, हात थरथरू लागतात, पाऊल जड होते, चेहरा लाकडासारखा होतो. काहींचे ओठ आणि जीभ आपोआप हलत राहतात. गोळी बंद केल्यावर बरेच जण सुधारतात. काहींच्या बाबतीत मात्र हे दुखणे मागे उरते. उलटीवर सर्रास दिल्या जाणाऱ्या मेटोक्लोप्रमाइडचीही हीच कथा. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने २००९ मध्ये त्याच्या वेष्टनावर सर्वांत कडक, चौकटीतला इशारा छापायला लावला आणि १२ आठवड्यांहून जास्त काळ ते देऊ नये असे बजावले. युरोपने २०१३ मध्ये ही मुदत पाच दिवसांवर आणली. डोमपेरिडोन मेंदूत फारसे शिरत नाही, पण हृदयाच्या ठोक्यांची लय बिघडवू शकते. म्हणून २०१४ मध्ये युरोपने प्रौढांसाठी दिवसाला ३० मिलिग्रॅम आणि साधारण एक आठवडा अशी मर्यादा घातली. आपल्याकडच्या जोडगोळ्यांत एकेका कॅप्सूलमध्ये ३० मिलिग्रॅम डोमपेरिडोन किंवा ७५ मिलिग्रॅम लिव्होसल्पिराइड असते, आणि ‘सकाळी उपाशीपोटी एक’ म्हणत ती वर्षानुवर्षे चालते. पंधरा दिवसांसाठी लिहिलेली चिठ्ठी घरात पिढीजात नुस्ख्यासारखी जपली जाते. सासूबाईंना गुण आला म्हणून सूनबाईही तीच घेतात.

ही औषधे मुळातच वाईट आहेत असे कुणी समजू नये. मोजक्या दिवसांसाठी, नेमक्या कारणासाठी, डॉक्टरांच्या नजरेखाली ती उपयोगी आहेत. आणि हा मजकूर वाचून कुणी आज रात्रीपासून परस्पर औषधे बंद करू नयेत.

आता अशा रुग्णाचा कागद कसा तयार होतो ते पाहा. थरथरणाऱ्या हातांनी तो टाटीबंधच्या एम्समध्ये जातो, मेकाहारात, म्हणजे सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात, जातो किंवा नेहमीप्रमाणे गाडी पकडून नागपूर गाठतो. ओपीडीत रांग मोठी, डॉक्टरांच्या हाती मिनिटे मोजकी. हात, चाल, चेहरा पाहून केसपेपरवर ‘पार्किन्सन्स’ असे लिहिले जाते. आयसीडी नावाच्या जागतिक आजार-वर्गीकरणात त्याचा संकेतांक जी-२०. औषधामुळे झालेल्या पार्किन्सनसारख्या दुखण्याचा संकेतांक वेगळा आहे, तो जी-२१.१. कागदावर फरक एवढाच. पण जी-२० लिहिले की पुढचे औषध जन्मभराचे, जी-२१.१ लिहिले असते, तर पहिले काम ती गोळी बंद करणे हे असते. डब्यातली गॅसची गोळी ‘औषध’ आहे हेच रुग्णाला वाटत नसल्यामुळे तो ती सांगत नाही. डॉक्टरांनीही विचारले नाही, तर कंपवाताची गोळी आणि कंप आणणारी गोळी अशा दोन्ही तो एकाच पेल्यातल्या पाण्याबरोबर घेत राहतो. भारतीय मेंदूविकारतज्ज्ञांनी असे रुग्ण वैद्यकीय नियतकालिकांतून वारंवार मांडले आहेत, त्यामुळे ही आमची कल्पनाशक्ती नव्हे.

संकेतांकांचा विषय निघाला की वाचक पान उलटतो, हे आम्हाला ठाऊक आहे. तरी थोडा धीर धरावा. जागतिक आरोग्य संघटनेने १९९० मध्ये मंजूर केलेल्या आयसीडीच्या दहाव्या आवृत्तीत पचनसंस्थेवरील औषधांच्या विषबाधेसाठी टी-४७ हा स्वतंत्र खाना आहे. आम्लनाशके, जुलाबाची औषधे, जुलाब थांबवणारी, पाचके, सगळी त्यात आपापल्या उपक्रमांकासह बसवलेली. उलटी थांबवणारी औषधे टी-४५ मध्ये. औषध योग्य, मात्रा योग्य आणि तरीही अपाय झाला, तर ती विषबाधा धरत नाहीत. पचनसंस्थेच्या औषधांपुरता त्यासाठी वाय-५३. आणि मूळ प्रसंग होऊन वर्ष उलटले तरी जे मागे राहते, त्या उरलेल्या दुखण्यासाठी विषबाधा असेल तर टी-९६ आणि उपचारातला अपाय असेल तर वाय-८८. म्हणजे गोळी पोटातून निघून गेल्यावरही ती माणसात राहू शकते, हे वर्गीकरण रचणाऱ्यांनी ओळखले होते. त्यांनी जागा करून ठेवली; आपण ती रिकामी ठेवली.

या रचनेत अडचणी नाहीत असे नाही. पंधरा दिवसांची गोळी स्वतःहून दोन वर्षे घेतली, तर तिला अपाय म्हणायचे की विषबाधा? लिव्होसल्पिराइड पोटाच्या खान्यात टाकायचे की मनोविकारांच्या? संकेतांक देणारा जाणकार कोडरही इथे क्षणभर थांबेल. पण थांबण्यासाठी आधी कुणीतरी त्या कागदासमोर बसलेले असावे लागते. आपल्या बहुतेक रुग्णालयांत संकेतांक पडतो तो रुग्ण दाखल झाला तर, घरी जाताना, अभिलेख विभागात. आणि डॉक्टरांनी जे लिहिले त्याच्यापलीकडे तिथला कारकून जाऊ शकत नाही. उशिरा उगवणारी दुखणी दाखल होतच नाहीत, ती ओपीडीत येतात आणि ओपीडीतूनच परत जातात. आयुष्मान भारत योजनाही दाखल रुग्णांच्या पॅकेजांची आहे, ओपीडी तिच्यात नाही. त्यामुळे दाव्यांच्या कागदांतूनही या माणसांचा माग लागत नाही.

यातला विनोद कडवट आहे. पुणे, हैदराबाद, चेन्नई इथल्या कार्यालयांत हजारो तरुण मुले-मुली रोज अमेरिकी रुग्णांच्या केसपेपरांना संकेतांक देतात. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आणलेल्या स्वतःच्या आवृत्तीत हा क्रमांक सात अक्षरांपर्यंत जातो. शेवटचे अक्षर ‘एस’ असेल, तर दुखणे जुन्या विषबाधेतून उरलेले आहे असा अर्थ. आधी आजचे दुखणे लिहायचे, मागोमाग ते कशातून आले ते लिहायचे, हा क्रम या मुलांना झोपेतही पाठ असतो, कारण तो चुकला तर विमा कंपनी पैसे अडवते. ओहायोतल्या आजोबांच्या आम्लनाशकाचा हिशेब आपली मुले ठेवतात. त्यांच्या स्वतःच्या आजोबांच्या फायलीत मात्र ‘वयामुळे’ एवढाच शेरा असतो.

नोंद न ठेवण्याची किंमत किती असते, हे जपानला विचारावे. १९५० च्या दशकाच्या मध्यापासून तिथे एक विचित्र आजार दिसू लागला. आधी पोटदुखी आणि जुलाब, मग पायांना मुंग्या, बधिरपणा, चालणे बंद, काहींची दृष्टी गेली. विषाणूचा संसर्ग असावा अशी समजूत पसरली. शेजारी रुग्णांना टाळू लागले, काहींनी या बहिष्कारापायी आत्महत्या केल्या. काही रुग्णांच्या जिभेवर हिरवट थर येत होता आणि लघवीही हिरवी होत होती. त्या हिरव्या रंगाचा शोध घेतल्यावर क्लिओक्विनॉल हे जुलाबावरचे औषध सापडले. ते शरीरातल्या लोहाशी बांधले जाऊन तो रंग येत होता. म्हणजे पोट बिघडले म्हणून औषध दिले जात होते, औषधाने पाय जात होते, आणि डॉक्टर पोटदुखीला त्या आजाराचेच पहिले लक्षण समजून आणखी औषध देत होते. निगाता विद्यापीठाचे तादाओ त्सुबाकी यांनी १९७० मध्ये हा संबंध मांडला, त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये विक्री थांबली आणि नव्या रुग्णांचा ओघ पाहता पाहता आटला. तोवर दहा हजारांच्या वर माणसे बाधित झाली होती. जपानने एक गोष्ट मात्र केली: उरलेल्या दुखण्यासह जगणाऱ्यांची यादी ठेवली आणि त्यांची दरवर्षी तपासणी करण्याची यंत्रणा उभी केली, जी दशकानुदशके चालू राहिली.

तेच क्लिओक्विनॉल आपल्याकडे मेक्साफॉर्म, एन्टेरोक्विनॉल या नावांनी घरोघरी होते. प्रवासाला निघताना पिशवीत लोणच्याच्या बरणीशेजारी त्या गोळ्या ठेवणाऱ्या आज्या अनेकांना आठवत असतील. भारतात जपानसारखी लाट आली नाही, असे म्हटले जाते. आली नाही की दिसली नाही, याचे उत्तर देता येईल अशी कागदपत्रे असती, तर आम्ही ते विधान आनंदाने मान्य केले असते. पुढेही पचनाची औषधे एकामागून एक वादात सापडली. सिसाप्राइड हृदयाच्या लयीवर परिणाम करते म्हणून भारताने फेब्रुवारी २०११ मध्ये त्यावर बंदी घातली, पाठोपाठ मार्चमध्ये टेगासेरोडवर. रॅनिटिडीन अशुद्धीच्या प्रश्नावरून अमेरिकेत २०२० मध्ये बाजारातून काढले गेले, आपल्या आवश्यक औषधांच्या यादीतून २०२२ मध्ये. यातला आपला प्रत्येक निर्णय दुसऱ्या देशांनी आधी गोळा केलेल्या नोंदींवर उभा आहे.

मृत्यूनंतर तरी कारण लिहिले जाते का? रुग्णालयातील मृत्यूसाठी नमुना ४ असतो, घरी झालेल्या मृत्यूसाठी ४-अ. त्यात ओळी एकाखाली एक असतात: मृत्यू थेट कशाने आला, ते कशामुळे झाले आणि त्याच्याही मुळाशी काय होते. शेवटची ओळ सर्वांत मोलाची, आकडेवारी तिच्यावरच ठरते. प्रत्यक्षात पहिल्या ओळीत ‘हृदय व श्वसनक्रिया बंद पडणे’ लिहून फॉर्म पूर्ण झाला असे मानण्याची सवय आहे. हृदय बंद पडल्याशिवाय कोण मेले आहे? आणि हा फॉर्मसुद्धा सगळ्यांच्या वाट्याला येत नाही. २०२१ मध्ये देशात नोंदल्या गेलेल्या मृत्यूंपैकी वैद्यकीय कारणाचे प्रमाणपत्र जेमतेम २३.४ टक्क्यांना मिळाले, म्हणजे चारांतल्या एकालाही नाही. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात २०२३ मध्ये दुरुस्ती झाली आणि १ ऑक्टोबर २०२३ पासून मृत्यूच्या कारणाची प्रत जवळच्या नातलगाला देणे रुग्णालयांवर बंधनकारक झाले. ही प्रत मागून घ्या. दुःखाच्या घडीला कागद कोण वाचणार, हे खरे आहे. म्हणून कुटुंबातल्या एका थंड डोक्याच्या माणसाने तेरा दिवसांनंतर तरी तो वाचावा, आणि औषधाची शंका असेल तर डॉक्टरांना विचारावे.

जिवंतपणी नोंद करण्याचा मार्गही आहे, फक्त तो कुणी वापरत नाही. औषध दक्षता कार्यक्रम जुलै २०१० मध्ये सुरू झाला आणि २०११ पासून तो गाझियाबादच्या भारतीय औषधसंहिता आयोगाकडे आहे. वैद्यकीय महाविद्यालयांत त्याची केंद्रे आहेत. त्यांच्या अर्जात ‘परिणाम काय झाला’ या रकान्यात ‘बरा झाला’ आणि ‘बरा झाला नाही’ यांच्यासोबत ‘बरा झाला, पण काही दुखणे मागे राहिले’ अशीही एक चौकट आहे. सामान्य रुग्णासाठीचा अर्ज मराठीतही मिळतो, आणि १८००-१८०-३०२४ या क्रमांकावर फुकट फोन करता येतो. चौबे कॉलनीतल्या महाराष्ट्र मंडळात ज्येष्ठांचा मेळावा भरतो तेव्हा रक्तदाब आणि साखर तपासली जाते. तिथेच एका टेबलावर घरातल्या गोळ्यांचा डबा उघडून दाखवण्याची सोय केली, एखादा औषधशास्त्राचा विद्यार्थी बसवला, तर वर्षभरात जे हाती लागेल ते पाहून राज्याच्या आरोग्य संचालनालयालाही झोप लागणार नाही.

पण सामान्य माणसावर सगळे ढकलून शासनाला मोकळे सोडण्याचा आमचा विचार नाही. एम्स आणि पंडित जवाहरलाल नेहरू वैद्यकीय महाविद्यालय या दोन संस्थांच्या मेंदूविकार ओपीडीत कंपाच्या प्रत्येक नव्या रुग्णाला गॅस आणि उलटीच्या गोळ्यांबद्दल विचारणे सक्तीचे करावे, आणि उत्तर होकारार्थी असेल तर संकेतांकात औषध आलेच पाहिजे. यासाठी नवी इमारत लागत नाही, नवे यंत्र लागत नाही. औषध प्रशासनाने शहरातल्या दुकानांत चिठ्ठीशिवाय लिव्होसल्पिराइडच्या जोडगोळ्या विकल्या जातात का, हे साध्या वेशातली माणसे पाठवून पाहावे. उत्तर काय येईल ते आम्ही सांगू शकतो, तरी त्यांनी जावे.

आणि ज्या प्रकरणाचे ऋण या शहरावर अजून आहे, त्याकडे यावे लागेल. ८ नोव्हेंबर २०१४ रोजी बिलासपूर जिल्ह्यात तखतपूर भागातल्या पेंडारी येथे बंद पडलेल्या एका रुग्णालयाच्या इमारतीत ८३ स्त्रियांवर काही तासांत नसबंदीच्या शस्त्रक्रिया झाल्या. दोन दिवसांनी गौरेला, पेंड्रा, मरवाही भागातही शिबिरे झाली. उलट्या, पोटदुखी, रक्तदाब कोसळणे अशा लक्षणांनी स्त्रिया दाखल होऊ लागल्या आणि १३ जणी गेल्या. त्यांना दिलेल्या सिप्रोसिन-५०० या प्रतिजैविकाच्या गोळ्या रायपूरच्या महावर फार्मा या कंपनीत बनलेल्या होत्या. त्या गोळ्यांत उंदीर मारण्याचे झिंक फॉस्फाइड असल्याचे प्राथमिक चाचणीत आढळल्याचे राज्याच्या अधिकाऱ्यांनी तेव्हा सांगितले. दुसरीकडे शस्त्रक्रियेतल्या अस्वच्छतेतून झालेल्या जंतुसंसर्गाकडे बोट दाखवणारेही होते. सर्वोच्च न्यायालयाने १४ सप्टेंबर २०१६ च्या देविका बिस्वास खटल्यातल्या निकालात तीन वर्षांत अशी शिबिरे संपवण्याचा आदेश दिला. एवढे सगळे घडले ते मेलेल्यांच्या संदर्भात.

वाचलेल्यांचे काय? झिंक फॉस्फाइड जठरातल्या आम्लात मिसळले की फॉस्फिन वायू सुटतो. तो हृदय, यकृत, मूत्रपिंड यांना पोळतो. त्या गोळ्यांत ते होते असे धरले, तर ज्या स्त्रिया मरणाच्या दारातून परतल्या त्यांच्या या इंद्रियांची पाच, दहा वर्षांनी काय अवस्था आहे, हा प्रश्न वैद्यकशास्त्रानेच विचारायला हवा होता. मदतीचे धनादेश वाटून प्रकरण मिटते ते कोषागारापुरते. आज त्यांतली एखादी धाप लागते म्हणून प्राथमिक आरोग्य केंद्रात गेली, तर तिच्या पर्चीवर ‘अशक्तपणा’ लिहिले जाईल आणि लोहाच्या गोळ्या मिळतील. २०१४ चा तिथे कुठेच उल्लेख नसेल.

ही काही एका राज्याची खोड नाही. मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात १९८६ मध्ये भेसळीच्या ग्लिसरीनने १४ रुग्ण दगावले, न्यायमूर्ती लेंटिन यांच्या आयोगाने यंत्रणेची लक्तरे बाहेर काढली. २०२५ च्या पावसाळ्याच्या शेवटी छिंदवाड्यातली मुले खोकल्याच्या औषधातल्या डायएथिलीन ग्लायकॉलने मूत्रपिंडे निकामी होऊन नागपुरात आणली गेली. त्या औषधाच्या नमुन्यात या विषाचे प्रमाण ४८.६ टक्के निघाले आणि वीसहून अधिक मुले गेली. याच विषाने २००६ मध्ये पनामात वाचलेल्या अनेकांच्या नसा पुढे कायमच्या दुबळ्या झाल्याचे नोंदलेले आहे. नागपुरातून वाचून घरी गेलेली मुले शाळेत जातील, मोठी होतील. त्यांची मूत्रपिंडे आणि पाय दरवर्षी कोण तपासणार आहे, हे मध्य प्रदेश आणि महाराष्ट्र या दोन्ही सरकारांनी आत्ताच ठरवून टाकावे. दहा वर्षांनी ती मुले सापडणार नाहीत.

छत्तीसगडचे काम त्या मानाने सोपे आहे. २०१४ च्या शिबिरांतल्या स्त्रियांची नावे, गावे, वये शासनाकडे आहेत. मदतवाटपासाठी ती यादी तयार करावीच लागली होती. त्यांना वर्षातून एकदा बिलासपूरच्या सिम्स रुग्णालयात किंवा मेकाहारात आणावे, येण्याजाण्याचा खर्च द्यावा, हृदय, यकृत आणि मूत्रपिंडाच्या तपासण्या कराव्यात आणि निष्कर्ष संकेतांकासह नोंदवावेत. औषधाच्या विषबाधेतून उरलेल्या दुखण्याचा क्रमांक टी-९६. जे मुळात औषधच नाही अशा विषातून उरलेल्या दुखण्याचा क्रमांक टी-९७. पहिल्याच स्त्रीच्या कागदापाशी कारकून विचारेल की यांतला कोणता घालू, आणि त्याला उत्तर देण्यासाठी राज्य शासनाला त्या गोळ्यांत नेमके काय होते ते लेखी सांगावे लागेल.